चळवळीत राहून माहितीपट करणं : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माहितीपट संपतो, दिवे लागतात आणि पहिला हात वर होतो. प्रश्न बहुतेक ठरलेले असतात. माझी उत्तरं मात्र वर्षांगणिक थोडी थोडी सरकत गेली आहेत, म्हणून एकदा ती लिहून काढली. काही प्रश्न खवचटपणे विचारलेले आहेत. तेही ठेवलेत, कारण दुखऱ्या जागेवर बोट नेमकं तेच ठेवतात.

तुम्ही फिल्म करायला आलात की आंदोलन करायला?

हा प्रश्न सभागृहापेक्षा धरण्याच्या मंडपात जास्त ऐकू येतो, तोही पहिल्याच दिवशी. तिथे सरळ सांगावं : फिल्म करायला आलोय, आणि बाजू तुमची आहे. ‘मी तुमच्यातलाच’ म्हणणारा माणूस लोकांना दोन मिनिटांत कळतो. संप फसला तर त्यांची नोकरी जाते, माझी जात नाही. मला कंटाळा आला तर मी निघून जाऊ शकतो, त्यांना जाता येत नाही. हा फरक मिटत नाही. तो लपवला नाही तर निदान त्याच्यासकट काम करता येतं.

मुंबईतल्या झोपडपट्ट्या पाडण्यावर आनंद पटवर्धन यांनी १९८५ साली ‘बॉम्बे : हमारा शहर’ केला. त्यात घर गमावलेली एक बाई कॅमेऱ्यामागच्या माणसांनाच फैलावर घेते. गरिबांचे फोटो काढून तुमचं नाव होणार, आमचं काय, असा तिचा रोख. पटवर्धनांनी तो भाग कापला नाही. हा प्रश्न मला विचारला गेला की ती बाई आठवते. तिला समाधानकारक उत्तर देणारा दिग्दर्शक मला अजून भेटलेला नाही.

चळवळीसोबत राहायचं म्हणजे किती दिवस?

दिवसांत मोजलं तर उत्तर कोणालाच आवडत नाही. जपानमध्ये नारिता विमानतळासाठी शेतजमिनी घ्यायचं सरकारने १९६६ साली ठरवलं आणि सानरिझुकाचे शेतकरी विरोधात उभे राहिले. दिग्दर्शक शिनसुके ओगावा आपली तुकडी घेऊन तिथे गेले, तिथेच राहिले आणि १९६८ ते १९७७ या काळात त्या एका लढ्यावर सात चित्रपट झाले. पहिल्या चित्रपटात पोलिसांशी झटापटी आहेत आणि कॅमेरा शेतकऱ्यांच्या रांगेत, पोलिसांकडे तोंड करून उभा आहे. १९७३ चा चित्रपट हेता नावाच्या वस्तीवरचा. त्यात झटापट जवळजवळ नाहीच. तरुण पोरं अटकेत आहेत आणि मागे राहिलेली माणसं बसून बोलताहेत, संथपणे, लांबलचक. मला हा फरक फार शिकवून गेला. पहिल्या वर्षी आलेल्या माणसाला लढा कुंपणापाशी दिसतो. पाचव्या वर्षी तो घरातल्या बोलण्यात दिसायला लागतो. पुढे हीच मंडळी यामागाता भागातल्या मागिनो गावात राहायला गेली, तिथे स्वतः भात लावला, आणि त्या गावावरचा त्यांचा मोठा चित्रपट १९८७ साली पूर्ण झाला.

मला असं कधीच जमलं नाही. घरभाडं होतं, आजारी आईवडील होते. ज्यांना सलग राहता येत नाही त्यांच्यासाठी माझा अनुभव एवढाच : सलग राहण्यापेक्षा परत जाणं महत्त्वाचं. मोर्चाच्या दिवशी सगळेच कॅमेरेवाले येतात. मोर्चानंतर तीन आठवड्यांनी, काहीच घडत नसताना, मंडपात पाच माणसं उरलेली असताना जो येतो त्याच्याशी लोक वेगळं बोलतात. ‘शूटिंगवाले आले’ऐवजी ‘आलास का, ही सतरंजी धर जरा’ असं ऐकू आलं की समजावं, आता काम सुरू झालं.

पहिल्या दिवशी कॅमेरा बाहेर काढावा का?

यावर दोन मतं आहेत. काही जण म्हणतात, आधी विश्वास मिळवा, कॅमेरा नंतर. मला ते पटत नाही. महिनाभर गप्पा मारून मग पिशवीतून कॅमेरा निघाला की समोरच्याला वाटतं, अच्छा, एवढ्यासाठी होतं हे सगळं. कॅमेरा पहिल्या दिवसापासून दिसावा, पण चालू करायची घाई नको. लोकांना हाताळू द्यावा. सगळ्यात उपयोगी म्हणजे हेडफोन लोकांच्या कानावर द्यावेत. कॅमेरा कुठवर बघतो याचा अंदाज सगळ्यांना असतो, पण माइक कुठवर ऐकतो याचा नसतो. वीस पावलांवरची कुजबुज कानात स्पष्ट आली की चेहरे बदलतात. हा बदल चित्रीकरण सुरू होण्याआधी झालेला बरा.

कॅमेरा समोर असला की लोक नाटक करतात ना?

करतात. कॅमेरा नसतानाही करतात. घोषणा ही मुळात कोणीतरी ऐकावी म्हणूनच दिलेली असते.

‘काही दिवसांनी लोक कॅमेरा विसरतात’ असं आमच्या धंद्यात सर्रास सांगितलं जातं. माझ्या मते कोणी विसरत नाही. हा माणूस याचं काय करेल याचा त्यांना अंदाज येतो आणि मग किती उघडं व्हायचं ते लोक ठरवतात. ‘विसरले’ म्हटलं की त्या निर्णयाचं श्रेय आपण त्यांच्याकडून काढून घेतो.

शिवाय नाटक दर वेळी खोटंच असतं असं नाही. दीपा धनराज आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या ‘युगांतर’ या गटाने १९८० ते १९८३ या काळात बायकांच्या लढ्यांवर चार चित्रपट केले. पुण्यातल्या घरकाम करणाऱ्या बायकांवरचा ‘मोलकरीण’ १९८१ चा, आणि निपाणीच्या तंबाखू कामगार बायकांवरचा त्याच्या पुढच्या वर्षीचा. त्यांची पद्धत अशी की आधी बायकांबरोबर भरपूर बोलायचं, काय दाखवायचं ते मिळून ठरवायचं आणि गरज पडेल तिथे घडून गेलेला प्रसंग बायकांनीच पुन्हा उभा करायचा. ज्या क्षणी कॅमेरा तिथे नव्हता, आणि असणं शक्यही नव्हतं, तो क्षण असा मिळतो. फक्त प्रेक्षकाला फसवू नये.

‘एकत्र मिळून केलेली फिल्म’ म्हणजे नेमकं काय? शंभर माणसं एडिट करतात का?

नाही. शंभर माणसं पाहतात, आणि पाहताना त्यांना ‘हे चुकलंय’ म्हणता येतं. ते म्हटल्यावर फिल्म बदलते. बदलली नाही तर त्याला एकत्र मिळून केलेलं म्हणू नये.

एक प्रसंग सांगतो. एका कारखान्याच्या संपावर काम करत होतो. रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जुळणी, तयार झाला, पंचेचाळीस मिनिटांचा, आणि तो संघटनेच्या कार्यालयात भिंतीवर पांढरी चादर ताणून दाखवला. त्यात एक सभा होती. पुढारी उठतो, तडाखेबंद बोलतो, मग मागे बसलेल्या बायकांतली एक उठून त्याला दुजोरा देते, टाळ्या. मला हा भाग फार जमलाय असं वाटत होतं. मागून हसू आलं. मग त्याच बाई म्हणाल्या, ‘भाऊ, हे उलटं लावलंय तुम्ही. आधी मी उठले होते. हे तोवर खालीच बघत होते.’ आणि तसंच होतं. एडिटवर बसताना चढत्या क्रमासाठी मी दोन्ही भाषणांची जागा बदलली होती. इतक्या सहज की ते खोटं आहे हे माझ्या ध्यानातच राहिलं नव्हतं. त्या सभेत संप सुरू ठेवायचा की मिटवायचा हे ठरत होतं, आणि तो सुरू राहिला तो त्या बाईंमुळे. मी त्यांना टाळ्या वाजवणारी करून टाकलं होतं.

क्रम पूर्ववत केला. त्याने प्रसंग थोडा विस्कटला, कारण बाईंचा आवाज सुरुवातीला नीट आलेला नाही, माइक पुढाऱ्यापाशी होता. तो विस्कटलेपणा तसाच ठेवला. माइक पुढाऱ्यापाशीच का होता, हाही एक प्रश्नच आहे, आणि तो मला त्या रात्री कोणी विचारला नाही याचं मला आजही बरं वाटतं.

हे काही मलाच सुचलेलं नाही. फ्रान्समध्ये बेझान्सों शहरातल्या रोदियासेता या कापड-धाग्यांच्या कारखान्यात १९६७ साली संप झाला. ख्रिस मार्कर आणि मारिओ मारे यांनी त्यावर चित्रपट केला आणि पुढच्या वर्षी तो कामगारांना दाखवला. कामगारांनी त्यांना चांगलंच धारेवर धरलं : बाहेरून आलेल्यांनी बाहेरूनच पाहिलंय, बायका फक्त कामगारांच्या बायका म्हणूनच दिसतात. त्या चर्चेचं ध्वनिमुद्रण आजही आहे. त्यातूनच कामगारांनी स्वतः कॅमेरा हाती घेतला, सोव्हिएत दिग्दर्शक मेदवेदकिन यांचं नाव गटाला दिलं आणि १९६९ साली आपला चित्रपट केला. त्याची नायिका घड्याळाच्या कारखान्यातली, संघटनेत काम करायला लागलेली एक कामगार बाई होती. आधीच्या चित्रपटावरच्या तक्रारीचं त्याहून चोख उत्तर मला माहीत नाही.

मग शेवटचा शब्द कोणाचा?

हे आधी ठरवावं, आणि तोंडी नको. मी दोन गोष्टी वेगळ्या ठेवतो. स्वतःचा चेहरा, आवाज, घर, मुलं याबाबत ज्याचं त्याने ‘काढा’ म्हटलं की निघतं. कारण विचारत नाही. चळवळीचं चित्र कसं उभं राहतं याबाबत सगळ्यांचं ऐकतो, भांडतो, बऱ्याचदा हरतो, पण तिथे कोणा एकट्याचा नकार चालत नाही, माझाही आणि अध्यक्षांचाही.

हे दुसरं का, ते कॅनडातल्या फोगो बेटावरून समजतं. सरकार तिथल्या मासेमार वस्त्यांना दुसरीकडे हलवायच्या विचारात होतं. १९६७ साली कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळाचे दिग्दर्शक कॉलिन लो तिथे गेले. त्यांनी एक मोठा चित्रपट न करता दोन डझनांहून जास्त लहान फिल्म्स केल्या. एका माणसाचं वाक्य दुसऱ्याच्या वाक्यावर आपटून कापलं की एडिट चटपटीत होतं, पण छोट्या गावात त्या दोघांना उद्या एकमेकांना तोंड दाखवायचं असतं. म्हणून एक माणूस किंवा एक प्रसंग, तेवढीच एक फिल्म. बाहेर दाखवण्याआधी ज्यांची त्यांची परवानगी. मग गावोगाव खेळ. एका टोकाच्या वस्तीला दुसऱ्या टोकाची अडचण पडद्यावर दिसली, फिल्म्स सरकारी अधिकाऱ्यांपर्यंतही गेल्या. बेट रिकामं झालं नाही आणि मासेमारांची सहकारी संस्था उभी राहिली. सगळं फिल्म्समुळे झालं असं म्हणणं भाबडेपणाचं होईल, पण एकमेकांशी न बोलणाऱ्या वस्त्या बोलायला लागल्या, यात त्यांचा वाटा मोठा.

लोकांच्या हातातच कॅमेरा का देत नाही?

द्यावा. अहमदाबादच्या ‘सेवा’ या कष्टकरी बायकांच्या संघटनेत १९८४ साली बायकांनी व्हिडिओ शिकून घेतला. त्यांतल्या कित्येकींना लिहितावाचता येत नव्हतं. आज तर मोर्चात माझ्यापेक्षा चांगला फोन असलेली दहा पोरं असतात.

पण कॅमेरा दिला म्हणजे न्याय झाला असं नाही. एडिट कोण करतं, हार्ड डिस्क कोणाकडे आहे, कुठे दाखवायचं हे कोण ठरवतं? कॅमेरा देऊन बाकी सगळं आपल्याकडे ठेवणं म्हणजे फुकटात चित्रीकरण करून घेणं. तसंच, दिवसभर धरण्यावर बसून आलेल्या माणसाला रात्री रशेस, म्हणजे न कापलेलं सगळं चित्रीकरण, बघायला बसवणं हा काही उपकार नव्हे. काही जण साफ सांगतात, तुमचं काम तुम्ही करा, आम्हाला आमचं पुष्कळ आहे. तेही ऐकावं.

संमतीपत्रावर सही घेतली की झालं ना?

सही वकिलासाठी असते. संपाच्या चौथ्या दिवशी, उत्साहाच्या भरात दिलेली ‘हो’ दोन वर्षांनी, नवी नोकरी लागल्यावर, तितकीच खरी असते का? म्हणून मी तीनदा विचारतो. चित्रीकरणाच्या वेळी, रफ कट पाहिल्यावर, आणि फिल्म इंटरनेटवर टाकण्याआधी. तिसऱ्या वेळी सगळ्यात जास्त नकार येतात. गावात दाखवायला हरकत नसते, पण सासरच्यांच्या फोनवर नको असतं.

लेपल माइकबद्दल वेगळं सांगायला हवं. एका कार्यकर्तीच्या पदराला माइक लावला होता. मुलाखत संपली, ती उठून मैत्रिणीसोबत विहिरीच्या बाजूला गेली, माइक तसाच राहिला. हेडफोन माझ्या कानावर होते. ती मैत्रिणीला सांगत होती की घरातलं सगळं संपत आलंय, सोमवारी ती कामावर परत जाणार आहे आणि हे अजून कोणाला सांगितलेलं नाही. अख्ख्या संपातला तो सगळ्यात खरा क्षण होता आणि तो माझ्याकडे स्वच्छ आवाजात होता. हेडफोन काढायला मला किती सेकंद लागले ते मी सांगणार नाही, पण ते लगेच नव्हतं. ती परत आल्यावर सांगितलं, ऐकवलं, आणि तिच्यासमोर फाइल पुसली. ती रागावली. सोमवारी ती कामावर गेली नाही, पण त्याचं कारण मी आहे की दुसरं काही, हे मला विचारायची हिंमत झाली नाही. तेव्हापासून मुलाखत संपली की माइक काढून घेणं हे पहिलं काम, कॅमेरा बंद करण्याच्याही आधी.

चळवळीतली भांडणं, चुका दाखवायच्या का? विरोधकांच्या हातात कोलीत नाही का मिळत?

मिळतं. आणि न दाखवल्यास फिल्म प्रचारपत्रक होते, जी विरोधक बघतच नाहीत आणि आपली माणसं बघून जांभया देतात.

माझा हिशेब साधा आहे. ज्या भांडणातून चळवळ काही शिकली ते दाखवावं. बायकांना सभेत बोलू न देणं, एका जातीची माणसं नेहमी मंचावर आणि दुसरीची नेहमी स्वयंपाकात, हे दाखवावंच, ते झाकणं हा त्या माणसांवरच अन्याय. पण उद्याच्या कृतीची आखणी, कोणाचे पैसे कुठून आले, कोण कोणाच्या घरी लपला होता, यातलं काही दाखवायची गरज नसते. वेळही पाहावी लागते. संप सुरू असताना जे दाखवणं घातक असतं, तेच संप मिटल्यावर दोन वर्षांनी संघटनेलाच पाहायचं असतं.

दुसरी बाजू कुठे आहे? हे एकतर्फी नाही का?

एकतर्फी आहे आणि फिल्म ते पहिल्या पाच मिनिटांत कबूल करते. मालकाला भेटायला मी जातो, बोलला तर त्याचं बोलणं नीट ठेवतो, त्याला मूर्ख ठरवणारा क्लोजअप लावत नाही. बाजू घेणं म्हणजे तपासायचं सोडून देणं नव्हे. उलट आपल्या बाजूचा आकडा जास्त तपासावा लागतो. मोर्चात दहा हजार होते असं कार्यकर्ता सांगतो तेव्हा तो खोटं बोलत नसतो, भारावलेला असतो. मी पडद्यावर आकडा टाकत नाही, पुलावरून काढलेलं दृश्य टाकतो.

समोर लाठीमार सुरू झाला तर तुम्ही शूट करता की धावून जाता?

सभागृहातला सगळ्यात लाडका प्रश्न. आमची तुकडी तिघांची असते, त्यामुळे आधीच ठरलेलं असतं : एक जण चित्रीकरण करतो, दुसरा त्याचा पट्टा धरून मागे उभा राहतो, तिसऱ्याचे हात मोकळे असतात आणि ते मदतीसाठीच असतात. एकटे असाल तर माणूस आधी.

पण कॅमेरा चालू असणं हीसुद्धा कधी कधी मदत असते. अमेरिकेत केंटकीतल्या हार्लन काउंटीत १९७३ साली ब्रुकसाइड खाणीचा संप सुरू झाला. दिग्दर्शक बार्बरा कोपल तिथे कामगारांच्या घरी राहून चित्रीकरण करत होत्या. पैशांची चणचण इतकी की कधी कॅमेऱ्यात फिल्मच नसायची, पण रिकामा कॅमेरा खांद्यावर घेऊन त्या उभ्या राहायच्या, कारण कॅमेरा दिसला की गुंड हात आखडता घ्यायचे. त्या चित्रपटाला पुढे ऑस्कर मिळालं. मला आठवतो तो रिकामा कॅमेरा.

तुमच्या फुटेजमुळे कोणी अडकलं तर?

ही भीती खरी आहे आणि दर वर्षी वाढते आहे. फोन, चेहरे ओळखणारी यंत्रणा, सोशल मीडियावरच्या क्लिपा, सगळं मिळून मोर्चातला अनोळखी माणूस आता अनोळखी राहत नाही. म्हणून काही सवयी. कार्ड त्याच दिवशी दोन ठिकाणी उतरवायचं, दोन्ही डिस्कना पासवर्डचं कुलूप, आणि दोन्ही डिस्क एका घरात नाहीत. ज्या रशेसमध्ये कोणाला गोत्यात आणेल असं काही आहे, त्यातलं नको ते लगेच काढायचं, ‘नंतर बघू’ नाही. चेहरा अस्पष्ट करायचा तर आवाजाचाही विचार करायचा. गावात माणूस चालण्यावरूनही ओळखतात. मोर्चा सुरू असताना लाइव्ह करायचं नाही. आणि मंडपात कोणी ‘दगड’, ‘पेट्रोल’ असं काही बोलायला लागला, तर कॅमेरा खाली. तो माणूस कोण आहे हे आपल्याला ठाऊक नसतं, आणि चळवळीलाही पुष्कळदा नसतं.

कुठला कॅमेरा घ्यावा?

हातात आहे तो. वजनाला हलका, आवाज न करणारा. पैसे असतील तर माइकवर घालावेत. चित्र हललं तर लोक चालवून घेतात, बोलणं ऐकू आलं नाही तर उठून जातात. लांब पल्ल्याची लेन्स टाळा. तिने दुरून माणूस टिपता येतो, आणि दुरून टिपलेला माणूस तसाच दिसतो. रुंद लेन्स लावली की जवळ जावंच लागतं, आणि जवळ जायचं तर त्याला ते चालायला हवं.

सोळा मिलिमीटरच्या काळात चारशे फुटांच्या रिळावर अकरा मिनिटं मिळायची, त्यामुळे बटण दाबण्याआधी विचार व्हायचा. आता कार्डावर तासन्‌तास मावतात आणि विचार एडिटवर ढकलला जातो. नवीन मुलांना मी सांगतो, आठवडाभर दिवसाला फक्त अकरा मिनिटं घेऊन बघा. वैतागतात, पण ऐकायला शिकतात.

पैसे कुठून येतात? लोकांना मानधन देता का?

थोडे वर्गणीतून, थोडे शिकवण्याच्या कामातून, कधी अनुदान. अनुदान देणाऱ्याचं नाव मंडपात आधी वाचून दाखवतो. एकदा लोकांनी ‘यांचे नको’ म्हटलं आणि मी ते परत केलं. तेव्हा फार जिवावर आलं होतं.

मुलाखतीचे पैसे देत नाही. मोर्चासाठी माणसं भाड्याने आणल्याचा आरोप चळवळीवर असतोच, त्याला पुरावा नको. पण कोणाचा दिवस चित्रीकरणात गेला तर त्या दिवसाची मजुरी द्यायची, भाषांतर, वाट दाखवणं, लेखन करणाऱ्याला कामाचे पैसे आणि श्रेयनामावलीत नाव. फिल्मने पैसे कमावले तर काय, हेही सुरुवातीलाच लिहून ठेवावं. बहुतेक फिल्म कमावतच नाही, त्यामुळे हे लिहिताना सगळे उदार असतात.

सरकार परवानगी देतं का?

दर वेळी नाही, आणि मग कोर्टात जावं लागतं. पटवर्धन यांच्या ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ या १९९५ सालच्या माहितीपटाचं दूरदर्शनवरचं प्रसारण सर्वोच्च न्यायालयाच्या २००६ सालच्या निकालानंतर मार्गी लागलं. एवढी वर्षं भांडायची चिकाटी सगळ्यांकडे नसते, म्हणून असे निकाल पुढच्यांच्या फार कामी येतात.

फिल्म पहिल्यांदा कुठे दाखवायची?

जिथे केली तिथे. महोत्सव नंतर. उलट क्रमाने केलं तर लोकांना आपली फिल्म वर्तमानपत्रात वाचून कळते, आणि त्या अपमानाची भरपाई होत नाही.

वस्तीतल्या खेळाचं शास्त्र वेगळं. अंधार पडल्याशिवाय सुरू करता येत नाही, लहान मुलं पडद्यासमोर बसतात आणि त्यांची डोकी सगळ्या फिल्मभर दिसतात, वीज जाते. सबटायटल्सवर विसंबू नका, बोलीतला आवाज हवा. आणि मध्येच थांबवायची तयारी ठेवा. अर्जेंटिनात सोलानास आणि गेतिनो या दिग्दर्शकांचा १९६८ सालचा चार तासांहून मोठा चित्रपट लष्करी राजवटीत लपूनछपून दाखवला जायचा. त्यात चर्चेसाठी थांबायच्या जागाच ठेवलेल्या होत्या. मी एवढं धाडस करत नाही, पण प्रोजेक्टरजवळ बसतो. कोणी उठून ‘थांबव, याच्याबद्दल बोलायचंय’ म्हणालं तर थांबवतो. फिल्म तासाभराची, खेळ कधी कधी तीन तासांचा.

चळवळ हरली तर फिल्मचं काय?

पुरी करायची. जिंकणारी चळवळ आपला इतिहास स्वतः लिहिते. हरलेलीचा इतिहास बहुतेक वेळा पोलिसांच्या नोंदीत असतो.

आणि शेवट कुठे करायचा हे सोपं नसतं. मुंबईतल्या रमाबाई नगरात ११ जुलै १९९७ रोजी पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांचा मृत्यू झाला. पटवर्धनांच्या ‘बॉम्बे : हमारा शहर’मध्ये त्यांनी गाणं गायलं होतं. त्या घटनेपासून पटवर्धनांनी चित्रीकरण सुरू केलं आणि ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा व्हायला चौदा वर्षं लागली. खटले चालू होते, माणसं बदलत होती. थांबायचं कधी, हे तिथे एडिटवर ठरत नाही.

उरलेल्या रशेसचं काय करता?

हा प्रश्न फार कमी जण विचारतात. एका तासाच्या फिल्ममागे ऐंशी-नव्वद तासांचं फुटेज असतं आणि ते माझ्या एकट्याचं नाही. एक प्रत संघटनेकडे जाते, न वापरलेलं सगळं, तारीखवार लावून. पेटीत डिस्क ठेवून दिली म्हणजे झालं असं नाही. तीन-चार वर्षांनी ती नव्या डिस्कवर उतरवावी लागते, त्याची जबाबदारी घेणाऱ्या माणसाचं नाव हवं.

यादी चित्रीकरणाच्या रात्रीच करावी : तारीख, जागा, कोण बोललं, काय बोललं. तीन महिन्यांनी काही आठवत नाही. चेहऱ्यांची नावं वेगळ्या वहीत, आणि खटले चालू असेपर्यंत ती वही डिस्कजवळ नको. ही वही कशासाठी, असं मला सुरुवातीला वाटायचं. फुटेज मागायला वकील येतील अशी माझी अपेक्षा होती, आणि ते कधीमधी येतातही. पण जास्त येतात ती घरची माणसं. परवा एक मुलगी आली होती. तिची आई त्या संपात होती, गेल्या वर्षी वारली. आईचा फोटो आहे, आवाज नाही म्हणाली. वही काढली, तारीख सापडली, आणि आम्ही दोघं हेडफोनचा एक एक कान वाटून घेऊन बसलो. सव्वीस सेकंदं मिळाली. त्यात ती कोणाला तरी पाणी कुठे ठेवलंय ते सांगत होती.